यादीबाहेरचा आजार

2 जुलै 2012 रोजी राजीव गांधी जीवनदायी आरोग्य योजना सुरू झाली, तेव्हा ती साऱ्या महाराष्ट्राला मिळाली नव्हती. पहिल्या टप्प्यात आठच जिल्हे होते : गडचिरोली, अमरावती, नांदेड, धुळे, रायगड, मुंबई शहर, मुंबई उपनगर आणि आमचे सोलापूर. उरलेल्या जिल्ह्यांना 21 नोव्हेंबर 2013 पर्यंत थांबावे लागले. पिवळी किंवा केशरी शिधापत्रिका असलेल्या कुटुंबाला वर्षाला दीड लाख रुपयांपर्यंतचे उपचार रोख पैसे न भरता मिळणार होते आणि विम्याचा हप्ता शासन भरणार होते. यंत्रमाग आणि विडी या दोन धंद्यांवर पोट असलेल्या या शहरात शिधापत्रिकेला तेव्हा नवे मोल आले. आजवर धान्यासाठी जपलेला तो कागद आता बायपासलाही उपयोगी पडू लागला.

या योजनेत 972 उपचार होते आणि ते तीस विशेष शाखांत विभागले होते. हृदय, मूत्रपिंड, कर्करोग, भाजणे, अस्थिरोग, मेंदूची शस्त्रक्रिया, त्वचारोग, संधिवात अशा या तीस शाखा. मी ती यादी पहिल्यांदा वाचली तेव्हा त्यात मनोविकार ही शाखा शोधत होतो. ती नव्हती. मात्र अतिदक्षता विभागाच्या उपचारांत विषबाधा होती. विष पोटात जाऊन श्वास कृत्रिम यंत्रावर घ्यावा लागला, तर खर्च मिळणार होता. म्हणजे नैराश्याने ग्रासलेला माणूस कीटकनाशकाच्या बाटलीपर्यंत पोहोचेपर्यंत विम्याला दिसत नव्हता. बाटली रिकामी झाली की दिसू लागत होता.

ही योजना करणाऱ्यांनी हे मुद्दाम केले, असे मी म्हणणार नाही. प्रश्न त्यांच्या हेतूचा नाही, यादीच्या घडणीचा आहे. सरकारी विमा कशाला आजार मानतो आणि कशाला उपचार, याचा आपल्याकडचा इतिहास तपासला, तर यादी कायम खाटेभोवती आणि शस्त्रक्रियेभोवती रचलेली दिसते.

सोलापुरात मनोरुग्णालय कधीच नव्हते. ब्रिटिश अमदानीत ती रुग्णालये नागपूर, रत्नागिरी, ठाणे आणि पुण्याजवळ येरवडा येथे झाली. ‘याला आता येरवड्याला पाठवा’ हे वाक्य आमच्याकडे थट्टेतही म्हणतात आणि भांडणातही. त्या वाक्यात उपचाराचा अर्थ फारसा नाही, पाठवून देण्याचा आहे. 1912 च्या भारतीय वेडेपणाविषयक कायद्याची दृष्टीही तीच होती. माणसाला ताब्यात कसे घ्यायचे आणि कुठे ठेवायचे, हा त्याचा मुख्य विषय. तो कायदा स्वातंत्र्यानंतरही टिकला, आणि 1987 चा मानसिक आरोग्य कायदा 1993 मध्ये प्रत्यक्ष अमलात आल्यावरच गेला.

या काळात एका वेगळ्याच दाराने नैराश्य सरकारी विम्यात आले होते, हे मात्र फारसे कोणी सांगत नाही. ते दार कामगारांचे होते. 1948 चा कर्मचारी राज्य विमा कायदा 1952 मध्ये कानपूर आणि दिल्लीत सुरू झाला आणि पुढे महाराष्ट्रातील गिरणी कामगारांपर्यंत आला. या विम्यात दीर्घ आजारांची एक यादी आहे. क्षयरोग, कुष्ठरोग, कर्करोग यांच्या रांगेत तिच्यात मनोविकारही आहेत, आणि त्या मथळ्याखाली स्किझोफ्रेनियाबरोबर अंतर्जन्य नैराश्याचेही नाव आहे. यादीतला आजार असला आणि विमाधारकाच्या सेवेची अट पुरी झाली, की नेहमीच्या आजारपणाचे 91 दिवस संपल्यावरही सरासरी मजुरीच्या 80 टक्के रक्कम मिळत राहते. एरवी ही मुदत 309 दिवसांची, आणि वैद्यकीय मंडळाने मान्य केले तर दोन वर्षांपर्यंतची.

नैराश्य म्हणजे आळस नव्हे, त्याने माणसाचा रोज बुडतो, हे या कलमाने मान्य केले होते. पण त्याचा लाभ घ्यायला हजेरीपटावर नाव लागते. 1877 मध्ये सुरू झालेली सोलापूरची जुनी मिल बंद पडली, मागून इतर गिरण्यांचेही भोंगे थांबले. काम शेडमधल्या यंत्रमागांवर आणि घराच्या उंबऱ्यावर विडी वळणाऱ्या बायकांच्या सुपात गेले. ज्याचे नाव कोणत्याच पटावर नाही, त्या मागवाल्याला हे कलम लागू होत नाही. विमा कागदावर तसाच राहिला, कामगारच त्याच्या बाहेर गेला.

म्हणून 2012 ची योजना महत्त्वाची होती. ती पट विचारत नव्हती, शिधापत्रिका विचारत होती. पण ज्या माणसाला तिने आत घेतले, त्याचे नैराश्य तिने बाहेर ठेवले. जुन्या विम्यात आजार होता आणि हा माणूस नव्हता. नव्या विम्यात माणूस आला, आजार राहिला.

यानंतर कायद्याने मोठी उडी घेतली. 29 मे 2018 रोजी अमलात आलेल्या मानसिक आरोग्यसेवा कायदा 2017 च्या कलम 21 मध्ये म्हटले आहे, की प्रत्येक विमा कंपनीने मानसिक आजारासाठी शारीरिक आजाराइतक्याच पायावर विम्याची तरतूद करावी. तोवर खासगी पॉलिसींच्या अपवादांच्या परिच्छेदात मनोविकार सर्रास असत. विमा नियामकाने ऑगस्ट 2018 मध्ये कंपन्यांना तसे कळवले. तरीही 2021 मध्ये दिल्ली उच्च न्यायालयापुढे असे प्रकरण आले, ज्यात पस्तीस लाखांच्या पॉलिसीत मनोविकारासाठी पन्नास हजारांचीच मर्यादा होती. न्यायालयाने हा भेदभाव कायद्याविरुद्ध ठरवला. याच कायद्यात आणखी एक तरतूद आहे, जी आमच्यासारख्या जिल्ह्याने भिंतीवर लिहून ठेवावी : जिल्ह्यात किमान मानसिक आरोग्यसेवा उपलब्ध नसेल, तर रुग्णाने त्याच जिल्ह्यात इतरत्र घेतलेल्या उपचाराचा खर्च शासनाने द्यायचा आहे.

23 सप्टेंबर 2018 रोजी आयुष्मान भारत योजना आली. 2020 पासून महाराष्ट्राने आपली योजना तिच्याशी जोडली. दरम्यान राज्याच्या योजनेला महात्मा जोतिबा फुले यांचे नाव मिळाले होते. 2023 च्या जुलैतील शासन निर्णयाने तिची मर्यादा पाच लाखांवर आणि उपचारांची संख्या 1356 वर नेली, शिधापत्रिकेच्या रंगाची अटही काढली. केंद्राच्या यादीत मनोविकारांचे स्वतंत्र पान आहे. दाखल रुग्णाच्या खाटेचा दर आहे, विजेच्या उपचाराचा सत्रागणिक दर आहे आणि चुंबकीय उत्तेजनाचाही आहे. केटामाइन मात्र त्या पानावर नाही.

केटामाइन हे नाव मनोविकाराच्या संदर्भात नवे वाटेल, पण भूलतज्ज्ञांना ते अनोळखी नाही. 1962 मध्ये कॅल्विन स्टीव्हन्स या रसायनशास्त्रज्ञाने ते पार्क-डेव्हिस या औषध कंपनीसाठी तयार केले. 1964 मध्ये एडवर्ड डोमिनो आणि गुंटर कोर्सेन यांनी अमेरिकेतील मिशिगन राज्याच्या तुरुंगातील स्वयंसेवक कैद्यांवर त्याची पहिली चाचणी घेतली. 1970 मध्ये त्याला भुलीचे औषध म्हणून मान्यता मिळाली आणि 1985 पासून ते जागतिक आरोग्य संघटनेच्या अत्यावश्यक औषधांच्या यादीत आहे. ही भूल देताना श्वास सहसा चालू राहतो, रक्तदाब कोसळत नाही, महागडी यंत्रेही लागत नाहीत. वीज जाणाऱ्या तालुक्याच्या गावात जखम शिवायला आणि हाड बसवायला यापेक्षा सोयीचे औषध क्वचितच असेल.

2000 मध्ये येल विद्यापीठातील गटाने अवघ्या सात रुग्णांवरच्या अभ्यासात पाहिले, की भुलीपेक्षा पुष्कळ कमी मात्रा शिरेतून दिल्यावर नैराश्याची लक्षणे काही तासांत उतरू लागतात. नेहमीच्या गोळ्यांना आठवडे लागतात. 2006 मध्ये कार्लोस झराते यांच्या गटानेही तेच दाखवले. रूढ पद्धत अशी आहे : वजनाच्या किलोमागे अर्धा मिलिग्रॅम, चाळीस मिनिटांत, मग काही काळ निगराणी. रुग्ण त्याच दिवशी घरी जातो. गुण काही दिवस टिकतो, म्हणून सत्रे पुन्हा द्यावी लागतात.

याच्या काळ्या बाजूही आहेत. उपचाराच्या वेळी रक्तदाब वाढतो, माणसाला शरीरापासून सुटल्यासारखे वाटते. नशेसाठी सतत घेणाऱ्यांची मूत्राशये खराब झाली आहेत. भारतात 2013 च्या अखेरीस ते औषध नियमांच्या परिशिष्ट ‘एक्स’मध्ये गेले. त्यामुळे त्यासाठी वेगळा परवाना आणि डॉक्टरांची दुहेरी चिठ्ठी लागते. हे औषध घरी न्यायचे नाही, डॉक्टरांच्या डोळ्यांसमोरच घ्यायचे आहे. पण मला हा नियम विम्याच्या आड येणारा वाटत नाही, उलट त्याला पूरकच वाटतो. ज्याची प्रत्येक कुपी मोजली जाते, त्याचा दावा तपासणे सोपे असते.

2023 मध्ये एक महत्त्वाचा अभ्यास प्रसिद्ध झाला. इतर औषधांना न जुमानणारे, पण भ्रम-भास नसलेले नैराश्य असलेल्या रुग्णांत अमेरिकेतील संशोधकांनी केटामाइन आणि विजेचा उपचार यांची समोरासमोर तुलना केली. केटामाइन घेतलेल्या 55.4 टक्के रुग्णांना गुण आला, विजेचा उपचार घेतलेल्या 41.2 टक्के रुग्णांना. भ्रमयुक्त नैराश्यात विजेच्या उपचाराचे स्थान यामुळे हलत नाही, आणि एका अभ्यासाने सगळे ठरतही नाही. पण दोन उपचारांपैकी एक सरकारी यादीत आहे आणि दुसरा नाही, यामागे वैद्यकीय कारण शोधणे आता अवघड झाले आहे.

खर्चाचे काय? परदेशातला वाद मुख्यतः एसकेटामाइन या नाकात फवारण्याच्या नव्या, महागड्या रूपाचा आहे. अमेरिकेने त्याला मार्च 2019 मध्ये परवानगी दिली. इंग्लंडच्या सार्वजनिक आरोग्यसेवेला सल्ला देणाऱ्या संस्थेने 2022 मध्ये ते नाकारले, कारण दीर्घकालीन परिणाम आणि खर्च यांचा हिशेब पुरेसा पक्का नव्हता. ऑस्ट्रेलियाने 2025 मध्ये ते अनुदानित औषधांत घेतले. आपण मात्र हा वाद जसाच्या तसा उचलण्याचे कारण नाही. साध्या केटामाइनचे एकस्व कधीच संपले आहे आणि ते भारतातच बनते. आपल्यापुढे खर्च आहे तो औषधाचा नाही, माणसांचा : मनोविकारतज्ज्ञ, भुलीची जाण असलेला डॉक्टर, परिचारिका, एक शांत खोली आणि दोन-तीन तास.

‘सिव्हिलमध्ये उपचार तसेही नाममात्र दरात होतात, मग विम्याचे काय अडले?’ असे कोणी विचारेल. अडते ते असे. योजनेतल्या उपचाराचा दावा मंजूर झाला, की सरकारी रुग्णालयालाही पैसे मिळतात. यादीतला उपचार रुग्णालयाला उत्पन्न देतो, त्यासाठी माणसे आणि सामान मागता येते, त्याची नोंद राहते. यादीबाहेरचा उपचार एखाद्या डॉक्टरच्या उत्साहावर चालतो आणि त्याच्या बदलीबरोबर जातो. शिवाय योजना मुख्यतः दाखल रुग्णाचा खर्च देते. बाह्यरुग्ण विभागातली गोळी, समुपदेशन, पुन्हा दाखवायला येणे हे तिच्या बाहेर आहे. नैराश्याचा बहुतेक उपचार तर तिथेच होतो.

2015 मध्ये राज्याने शेतकऱ्यांच्या मानसिक आरोग्यासाठी प्रेरणा प्रकल्प चौदा जिल्ह्यांत सुरू केला. शेजारचा उस्मानाबाद त्यात होता, सोलापूर नव्हते. ऑक्टोबर 2022 पासून टेलीमानसच्या 14416 या क्रमांकावर कोणालाही, कोणत्याही वेळी विनामूल्य बोलता येते, मराठीतही. हे पाऊल मोठे आहे. पण फोनवर ‘तुम्हाला उपचारांची गरज आहे’ असे ऐकल्यावर तो मागवाला कुठे जाणार, आणि त्या दिवसाचा रोज कोण देणार?

माझी मागणी लहान आहे. मनोविकारांच्या त्या पानावर एक ओळ वाढावी : दोन औषधांनी गुण न आलेल्या नैराश्यासाठी केटामाइन, निगराणीखाली, एका दिवसाचा उपचार, प्रति सत्र. सुरुवात वैद्यकीय महाविद्यालयांच्या रुग्णालयांपासून व्हावी, सत्रांची संख्या बांधलेली असावी आणि प्रत्येक रुग्णाची नोंद व्हावी. 2012 मध्ये आठ जिल्ह्यांत योजना आधी चालवून पाहिली, तेव्हा सोलापूरने ती चालवून दाखवली होती. ही ओळही आमच्याकडेच आधी चालवून पाहायला हरकत नाही. भुलीचे ते औषध शस्त्रक्रियागृहात आहे, त्याच रुग्णालयात मनोविकार विभागही आहे, आणि कायदा 2018 मध्येच अमलात आला आहे.