उत्क्रांती, हेतू आणि बोंडअळी

‘उत्क्रांती’ हा शब्द आज शाळकरी मुलाच्याही तोंडी आहे. पण ज्या संस्कृत भाषेतून तो आम्ही उचलला, तिच्यात त्याचा अर्थ वेगळाच होता. ब्रह्मसूत्रांच्या चौथ्या अध्यायात उत्क्रांतीचा विचार आहे. तो जिवाने देह सोडून जाण्याचा, म्हणजे सरळ बोलायचे तर मरणाचा आहे. लोकमान्य टिळकांना हे खटकले. गीतारहस्यात डार्विनच्या मताचा प्रसंग आला तेव्हा, संस्कृतात या शब्दाचा अर्थ मृत्यू असा होतो हे सांगून त्यांनी सांख्यांचे गुणविकास, गुणोत्कर्ष, गुणपरिणाम असे शब्द अधिक बरे म्हणून सुचवले. लोकांनी ते घेतले नाहीत. मराठीत मरणाचा शब्दच जीवसृष्टीच्या वाढीचा शब्द होऊन बसला. हा योगायोग वाटतो तितका विपरीत नाही, हे पुढे दिसेल.

टिळकांनी सुचवलेल्या शब्दांत मात्र एक मत दडलेले आहे. विकास म्हटले की कळीचे फूल होणे डोळ्यांपुढे येते; जे होणार ते आधीच आत असते. उत्कर्ष म्हटले की चढण आली, आणि चढण म्हटली की शिखर आले. तेव्हा प्रश्न असा उभा राहतो की, जीवसृष्टी कोठे तरी जाण्यासाठी निघाली आहे काय? तिच्या चालण्यात हेतू आहे काय? आणि हेतू नसेल, तर ही अपार नवनिर्मिती कोणाची करणी? हा प्रश्न पंडितांच्या ओसरीवरचा आहे असे कोणी समजू नये. सातपुड्याच्या पायथ्याशी, या संग्रामपूर तालुक्यात, तो कपाशीच्या बोंडात शिरलेला आहे.

आधी आपल्याकडचा जुना वाद पाहू. ईश्वरकृष्णाची सांख्यकारिका इसवी सनाच्या चौथ्या-पाचव्या शतकाच्या सुमाराची. सांख्यांची प्रकृती जड आहे, तिला ज्ञान नाही. तरी ती पुरुषाच्या भोगासाठी आणि मोक्षासाठी राबते. जडाला दुसऱ्यासाठी राबण्याची बुद्धी कोठून आली? यावर सांख्यांचा दृष्टांत गोठ्यातला आहे. गाईचे दूध अजाण असते, तरी वासराच्या वाढीसाठी ते पाझरतेच. म्हणजे हेतू आहे, पण हेतू धरणारा कोणी नाही. ही कल्पना फार धीट आहे. युरोपात ती नीट मांडायला पुढे एक हजाराहून अधिक वर्षे जावी लागली.

आठव्या शतकात शंकराचार्यांनी हा दृष्टांत धरून ठेवला आणि पिळून काढला. दूध आपोआप कोठे पाझरते? गाय चेतन आहे, तिला वासराची माया आहे, वासरू ओढते, म्हणून पान्हा फुटतो. गवताचे दूध होणे हा गवताचा स्वभाव म्हणावा, तर तेच गवत बैलाने खाल्ले म्हणजे त्याचे दूध का होत नाही? ज्याने गोठा पाहिला आहे त्याला या प्रश्नाची धार लगेच कळेल. सांख्यांना याचे समाधानकारक उत्तर देता आले, असे आम्हांला वाटत नाही.

परंतु शंकराचार्यांनाही एक अडचण होतीच. ईश्वराने हेतू धरून जग केले म्हणावे, तर त्याला काही कमी होते असे होते. आणि पूर्णाला उणीव कसली? म्हणून ब्रह्मसूत्रांनी सृष्टीला लीला म्हटले. खेळाला खेळाबाहेरचा हेतू नसतो. ज्ञानदेवांनी अमृतानुभवात हीच वाट आणखी पुढे नेली. त्यांच्या लेखी जग हा चैतन्याचा विलास आहे, ते काही साधण्यासाठी मांडलेले दुकान नव्हे. म्हणजे आपल्या परंपरेत दोन टोके पूर्वीच उभी होती: एकीकडे जाणीव नसलेला हेतू, दुसरीकडे हेतू नसलेली निर्मिती.

येथे एक सावधगिरी हवी. ‘आमच्या ऋषींना डार्विन ठाऊक होता’ असे सांगण्याची हौस अजून गेलेली नाही. सांख्यांचा क्रम महत्, अहंकार, तन्मात्रा असा विश्वाच्या उभारणीचा आहे. एका जातीच्या प्राण्यापासून दुसऱ्या जातीचा प्राणी निपजला, हे त्यात कोठेही नाही. उसना मोठेपणा घेतला की खरा मोठेपणाही झाकला जातो.

युरोपात 1802 साली विल्यम पेलीने घड्याळाचा दाखला दिला: घड्याळ आहे तर घड्याळजी असलाच पाहिजे, आणि डोळा तर घड्याळाहून नाजूक आहे. कांट 1790 मध्येच म्हणून गेला होता की, गवताच्या एका पात्याचा उलगडा करणारा न्यूटन कधी निपजेल ही आशाच व्यर्थ आहे. 1859 साली डार्विनचा ग्रंथ आला. त्याचे म्हणणे थोडक्यात असे: प्राण्यांत लहानसहान भेद निपजतात, ज्यांचे भेद त्या परिस्थितीत उपयोगी पडतात ते अधिक संतती मागे ठेवतात, बाकीचे मरतात, असे पिढ्यान्‌पिढ्या चालले की घड्याळ तयार होते, घड्याळजीशिवाय. यात निवड करणारे हत्यार मृत्यूच आहे. म्हणून वर म्हटले, मराठीने मरणाचा शब्द उचलला तो अगदीच अस्थानी नाही.

महाराष्ट्रात हे विचार आले ते प्रथम स्पेन्सरच्या पगडीतून. गोपाळ गणेश आगरकर आपल्या वऱ्हाडात, अकोल्यास शिकून 1875 साली मॅट्रिक झाले आणि पुढे पुण्यास गेले. मिल्ल आणि स्पेन्सर यांचा ठसा त्यांच्या लिखाणावर उघड दिसतो. स्पेन्सरची उत्क्रांती ही प्रगतीच होती. साध्यातून गुंतागुंतीकडे, हीनातून श्रेष्ठाकडे. समाजसुधारकाला हा विश्वास फार मोलाचा होता यात शंका नाही. पण डार्विनच्या यंत्रात तो नव्हता. पोटातला जंत आपले डोळे-आतडी टाकून साधा होतो आणि सुखाने नांदतो; त्याला अधोगती म्हणणारे आपण.

टिळकांनी गाठ घातली ती स्पेन्सरशी आणि त्याहून अधिक हेकेलशी. हा जर्मन प्राणिशास्त्रज्ञ 1881 च्या नोव्हेंबरात सिंहलद्वीपास जाताना आठवडाभर मुंबईत राहिला होता. ‘केसरी’ त्याच वर्षी सुरू झाला होता. पण संपादक आणि पाहुणा यांची खरी भेट झाली ती तीस वर्षांनी, मंडालेच्या तुरुंगात, पुस्तकाच्या पानावर. 1910-11 च्या हिवाळ्यात टिळकांनी गीतारहस्य लिहिले. ते 1915 साली छापून निघाले. त्यांना हेकेलचे जडाद्वैत आणि सांख्यांची प्रकृती यांचे साम्य स्पष्ट दिसले. माशापासून माणसापर्यंत किती पिढ्या झाल्या असतील याचा पाश्चात्यांचा हिशेब आणि आपल्या चौऱ्याऐंशी लक्ष योनी त्यांनी शेजारी शेजारी मांडून पाहिल्या. मात्र पाहणारा पुरुष हा पाहिल्या जाणाऱ्या प्रकृतीतूनच निघाला, हे त्यांनी मान्य केले नाही. आम्हांला यातली विशेष गोष्ट अशी वाटते की, त्यांनी शास्त्राला नाकारले नाही. शास्त्राची हद्द कोठे संपते एवढाच वाद घातला.

त्याच काळात फ्रान्समध्ये बर्गसाँ गाजत होता. 1907 सालच्या आपल्या ग्रंथात त्याने सांगितले की, जीवसृष्टीच्या मुळाशी एक प्राणवेग आहे आणि तो सतत नवे निर्माण करीत पुढे जातो. त्याचा एक मुद्दा मात्र नीट ऐकण्यासारखा आहे. शेवटचे मुक्काम आधीच ठरलेले असेल तर वाटेत नवे काहीच घडत नाही. नकाशा केवळ उलगडला जातो. म्हणून हेतुवाद हा यंत्रवादच आहे, फक्त उलटा टांगलेला. हेतू आणि सर्जन या दोन गोष्टी सामान्यतः एकत्र बोलल्या जातात; त्या एकमेकींच्या वैरिणी असू शकतात हे त्याने दाखवले. श्रीअरविंदांनी 1914 पासून ‘आर्य’ मासिकात उलट बाजू मांडली: जे जडात आधी उतरून झाकले गेले आहे, तेच वर येते. हा पुन्हा कळीचा आणि फुलाचा विकास झाला.

प्राणवेगाची थट्टा ज्युलियन हक्स्लीने केली. आगगाडीचे इंजिन इंजिनवेगाने चालते असे म्हटल्याने जेवढे कळते, तेवढेच प्राणवेगाने कळते, असा त्याचा आशय. थट्टा रास्त आहे. पण थट्टेने प्रश्न सुटत नाही. तो सोडवण्याचा खरा प्रयोग 1943 साली लुरिया आणि डेलब्रुक यांनी केला. जंतूंवर त्यांचा वैरी असलेला विषाणू सोडला की थोडे जंतू तगतात. तगण्याचा गुण त्यांनी संकट पाहून मिळवला, की संकट येण्यापूर्वीच तो काहींत होता? पहिले खरे असेल तर वेगवेगळ्या नळ्यांत तगणाऱ्यांची संख्या जवळपास सारखी यावी. ती आली नाही. एका नळीत एकही नाही, दुसरीत शंभरावर, अशी विषमता दिसली. याचा अर्थ बदल आधीच, केव्हातरी, कोणत्याही गरजेकडे न पाहता झाला होता. ज्या नळीत तो लवकर झाला तेथे वंश वाढला. गरज बदल घडवत नाही. गरज बदल निवडते.

आता आपण शेतात येऊ. गुलाबी बोंडअळी ही काही परकी पाहुणी नव्हे. शास्त्रज्ञांनी 1843 साली तिचे प्रथम वर्णन केले ते आपल्याच भडोचहून गेलेल्या नमुन्यांवरून. 2002 साली बीटी कपाशीला परवानगी मिळाली. मातीतल्या एका जंतूचे विष झाडाच्या अंगातच भिनवलेले. अळीने बोंड कुरतडले की ती मरे. 2006 साली दोन विषांचे वाण आले. काही वर्षे फवारणीचा खर्च वाचला. पण 2010 च्या सुमारास गुजरातेत ही अळी पहिल्या विषाला दाद देत नाही असे जाहीर झाले, पुढे दुसऱ्यालाही देईना, आणि 2017 च्या हंगामात विदर्भभर बोंडे किडली. त्याच हंगामात यवतमाळ जिल्ह्यात फवारणीच्या विषबाधेने वीसच्या आसपास शेतकरी-मजूर दगावले.

चावडीवर याचे एकच स्पष्टीकरण ऐकू येते: अळी शिकली, अळी हुशार झाली. हे ऐकायला निरुपद्रवी वाटते, परंतु याच ठिकाणी तत्त्वज्ञानाची चूक एकरी नुकसानीत उतरते. अळी काहीही शिकलेली नाही. बीटीचे विष अळीच्या आतड्यातल्या एका प्रथिनाला चिकटते तेव्हा ती मरते; काही अळ्यांत ते प्रथिन जन्मतःच बिघडलेले असते, म्हणून विषाला धरायला जागा सापडत नाही. भारतातल्या अळ्यांत हा बिघाड एकाच तऱ्हेचा नाही, अनेक तऱ्हांचा सापडला. ज्याला आपण निसर्गाची प्रतिभा म्हणतो, ती येथे मोडक्या कुलपाच्या रूपाने आली. विष नसते तर असला बिघाड कोपऱ्यात पडून राहिला असता. विषाने बाकीच्या सगळ्या मारल्या आणि हिला राज्य दिले.

अळी शिकत असेल तर शेतकऱ्याच्या हाती काही उरत नाही. दर वर्षी नवे विष आणि नवे कर्ज. पण ही निवडीची करामत असेल, तर निवडीला वळण लावता येते. असला बिघाड आई आणि बाप दोघांकडून आला तरच अळी विषातून वाचते, असे पुष्कळदा असते. म्हणून शेताच्या कडेने साधी, बिगर-बीटी कपाशी लावायची. तेथे विषाला बळी पडणारे पतंग वाढतात, वाचलेल्या पतंगांशी त्यांचा संकर होतो आणि संतती पुन्हा मरते. बियाण्याच्या 450 ग्रॅमच्या पाकिटाबरोबर 120 ग्रॅमची जी पुडी येत असे, ती याचसाठी. ती किती जणांनी पेरली, हे ज्याचे त्याने आठवावे. आम्ही शेतकऱ्याला दोष देत नाही. दोन-चार एकरांच्या धन्याला, काही ओळी अळीला खाऊ घाल, असे सांगायचे तर त्याला कारणही सांगावे लागते, आणि ते कारण पुडीसोबत फारसे कोणी सांगितले नाही.

हिरवी बोंडअळी तूर, हरभरा असे कितीतरी खाते, त्यामुळे तिला विष नसलेली शेते आपोआप मिळतात. गुलाबी अळी आपल्याकडे जवळजवळ केवळ कपाशीवरच जगते. तिला दुसरे आश्रयस्थान नाही. त्यात लांब मुदतीचे संकरित वाण, आणि डिसेंबरानंतरही पाण्याच्या आशेने ठेवलेली फरदड. हंगाम लांबला की अळीच्या पिढ्या वाढल्या, आणि पिढ्या वाढल्या की निवडीची चाळणी अधिक वेळा फिरली. अमेरिकेतल्या ॲरिझोनात शेतकऱ्यांनी बिगर-बीटीच्या ओळी नेमाने लावल्या; तेथे ही अळी दहा वर्षे विषाला बळी पडत राहिली. पुढे वांझ पतंग सोडण्याच्या उपायाची जोड मिळून 2018 साली ती अमेरिकेच्या कपाशीतून नाहीशी झाल्याचे जाहीर झाले. अळी तीच, विष तेच.

मग सर्जन अजिबात नाही काय? आहे. लेन्स्की या अमेरिकन शास्त्रज्ञाने 1988 साली एकाच जंतूच्या बारा वसाहती वेगवेगळ्या चंबूंत वाढवायला घेतल्या. एकतीस हजारांहून अधिक पिढ्या गेल्यावर त्यांतल्या एकाच वसाहतीला, हवेत वाढताना त्या जातीला न पचणारे सायट्रेट खाता येऊ लागले. त्यासाठी आधी दुसरे काही बदल घडून असावे लागले. ते बदल घडले तेव्हा त्यांचा पुढे असा उपयोग होईल हे कोणालाच ठाऊक नव्हते. हे खरोखरचे नवे आहे, आणि ते कोणी योजलेले नाही. बर्गसाँचा अर्धा मुद्दा येथे टिकतो, प्राणवेग टिकत नाही. लीला हा शब्द मात्र, त्यातला खेळिया बाजूला ठेवला तर, आम्हांला अजून चपखल वाटतो.

राहता राहिला शंकराचार्यांचा बैल. गवताचे दूध गाईतच का, हा त्यांचा प्रश्न सांख्यांना अडला, कारण सांख्यांकडे हेतू होता, इतिहास नव्हता. ज्या आयांच्या अंगातून वासरांना अधिक पोषण मिळाले त्यांची वासरे जगली आणि त्यांनी ते अंग पुढे नेले. कोट्यवधी वर्षांत त्याचे दूध झाले. गाय-बैलाच्या गर्भांची पहिली घडण मात्र सारखीच असते, आणि तिची खूण बैलाच्या अंगावर अजून आहे. पोळ्याच्या दिवशी बैल धुताना खाली वाकून पाहावे. त्यालाही सड असतात.