हुबळीकर, शांता

(१४ एप्रिल १९१४ – १७ जुलै १९९२). मराठी, हिंदी व कन्नड चित्रपटांतील अभिनेत्री आणि गायिका. मूळ नाव राजम्मा. जन्म हुबळीजवळच्या अदरगुंची या गावी. आईवडिलांचे छत्र लहानपणीच हरपले. मातृभाषा कन्नड. गंगूबाई हंगल, मल्लिकार्जुन मन्सूर यांच्यासारखे गवई ज्या धारवाड-हुबळी पट्ट्यातून आले, त्याच मुलखात त्यांचा गळा घडला.

१९३०च्या दशकात त्या चित्रपटांत आल्या. भालजी पेंढारकर यांचा ‘कान्होपात्रा’ (१९३७) हा त्यांच्या आरंभीच्या चित्रपटांपैकी एक. पुढे पुण्याच्या प्रभात फिल्म कंपनीत के. नारायण काळे दिग्दर्शित ‘माझा मुलगा’ (१९३८) मध्ये शाहू मोडक यांच्यासोबत त्यांनी काम केले. प्रभातचे बहुतेक चित्रपट त्या काळी मराठी आणि हिंदी असे दोनदा चित्रित होत. कन्नड घरात वाढलेल्या शांताबाईंना एकच भूमिका दोन परक्या भाषांत उभी करावी लागे.

त्यांची खरी ओळख व्ही. शांताराम यांच्या ‘माणूस’ (१९३९, हिंदी ‘आदमी’) या चित्रपटाने झाली. न्यू थिएटर्स या चित्रपटसंस्थेच्या ‘देवदास’मधील नायकाच्या आत्मनाशाला उत्तर म्हणून शांताराम यांनी हा चित्रपट काढला. पोलिसांच्या छाप्यात गणपत हवालदार (शाहू मोडक) मैना या वेश्येला वाचवतो आणि तिच्यात गुंततो. त्याच्या जाण्यायेण्याचे दिवस शांताराम यांनी जिन्यावर चढणाऱ्या-उतरणाऱ्या पावलांतून दाखवले आहेत. गणपतच्या आईची भूमिका सुंदराबाईंनी केली होती. ग्रामोफोनच्या तबकड्यांमुळे सुंदराबाई स्वतः नामांकित गायिका होत्या. शांताबाईंनी मैना कुठेही दीनवाणी होऊ दिली नाही. गिऱ्हाइकांपुढचा तिचा ठसका आणि गणपतच्या घरी देवासमोर उभी राहताना तिला वाटणारा संकोच, ही दोन्ही एकाच बाईची रूपे वाटतात. अखेरीस तिच्या हातून खून होतो, पण शिक्षा भोगताना ती गणपतची मदत नाकारते. मराठी बोलपटातील स्त्रीभूमिकांत मैनेला फार वरचे स्थान द्यावे लागेल.

याच चित्रपटातील ‘कशाला उद्याची बात’ हे अनंत काणेकरांचे गीत मास्तर कृष्णरावांनी स्वरबद्ध केले. समोर नाना प्रांतांची गिऱ्हाइके, म्हणून अंतरेही निरनिराळ्या भाषांतले. भाषा बदलली की चालीचा बाज बदलतो, तसा शांताबाईंचा उच्चार आणि आविर्भावही. वरवर हे मौजेचे गाणे. आतून ती उद्याचा विचार करणे परवडत नसलेल्या बाईची कैफियत आहे. शांताबाई ती शब्दांवर जोर न देता, जवळजवळ बोलल्यासारखी गातात. एरवी भारदस्त असणारा त्यांचा आवाज इथे मुद्दाम सैल सोडलेला आहे. हे गाणे गुणगुणणाऱ्या कित्येकांना गायिकेचे नाव ठाऊक नसते, याची खंत वाटते.

यानंतर ‘प्रभात’ व ‘घर जावई’ (दोन्ही १९४१), ‘मालन’ (१९४२) आणि ‘कुलकलंक’ (१९४५) हे त्यांचे चित्रपट आले. यांतील ‘प्रभात’ हे चित्रपटाचे नाव; त्याचा प्रभात कंपनीशी गोंधळ करू नये. ‘जीवन नाटक’ (१९४२) या कन्नड चित्रपटातही त्या नायिका होत्या. तिथे त्यांची मातृभाषा त्यांना पडद्यावर लाभली. मात्र ‘माणूस’च्या तोडीची भूमिका पुन्हा वाट्याला आली नाही. चाळीसच्या दशकात पार्श्वगायन रुळले आणि स्वतःच्या गळ्याने गाणाऱ्या नटीची निकड उरली नाही. शांताबाईंच्या पिढीतील अनेकींना याचा फटका बसला. १९५८ च्या सुमारास त्या पुन्हा दिसल्या, त्या चरित्रभूमिकांत.

उतारवयात त्या विस्मरणात गेल्या. काही काळ वृद्धाश्रमात काढावा लागला. १९९० मध्ये त्यांचे आत्मचरित्र मराठीत प्रसिद्ध झाले. त्याचे नावही त्यांनी मैनेच्याच गाण्यावरून ठेवले : ‘कशाला उद्याची बात’.