ओरी कोण होता? मोरियाची वही लिहिणाऱ्या लेखनिकाची गोष्ट

'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज'चा 2001 साली आलेला पहिला सिनेमा पाहिला असेल, तर मोरियाच्या अंधाऱ्या खाणीतला तो प्रसंग आठवत असेल. गँडाल्फ एका सांगाड्याच्या हातातून जाडजूड, फाटकी वही काढून घेतो आणि वाचू लागतो. सिनेमात हा भाग झटकन संपतो. जे. आर. आर. टोल्कीन यांच्या मूळ कादंबरीत मात्र त्या वहीतल्या एका हस्ताक्षराला नाव आहे, ते म्हणजे ओरी.

ओरी हा ड्वार्फ, म्हणजे डोंगर पोखरून राहणाऱ्या बुटक्यांच्या जमातीतला. 1937 साली आलेल्या 'द हॉबिट'मध्ये बिल्बोच्या घरी येऊन धडकणाऱ्या तेरा ड्वार्फांपैकी तो एक. खरं सांगायचं तर तिथे त्याला फारसं काही काम नाही. राखाडी टोपडं घालून तो येतो, डोरी आणि नोरीसोबत बासरी वाजवतो, बाकी वेळ गर्दीत असतो. त्याचं नावही टोल्कीन यांचं स्वतःचं नाही. या मंडळींची बहुतेक नावं त्यांनी 'व्होलुस्पा' या जुन्या नॉर्स काव्यातल्या यादीतून उचलली.

मोरियात काय झालं?

मोरिया, म्हणजेच खझाद-दूम, ही ड्वार्फांची वाडवडिलांची राजधानी. बॅलरॉग नावाच्या अग्निराक्षसामुळे ती त्यांना सोडावी लागली होती. त्यानंतर सुमारे हजार वर्षांनी, तिसऱ्या युगाच्या 2989 साली, बालिन काही सोबत्यांना घेऊन ती परत मिळवायला निघाला. ओरी त्याच्याबरोबर गेला. सुरुवातीला निरोप येत होते, मग ते थांबले.

बालिनने आपली गादी 'मझारबुल'च्या दालनात मांडली होती. ड्वार्फांच्या भाषेत मझारबुल म्हणजे नोंदी. आपल्याकडे त्याला दप्तरखाना म्हटलं असतं. वसाहतीची वही तिथेच होती. 3019 सालच्या जानेवारीत फ्रोडो आणि त्याचे साथीदार तिथे पोहोचले, तेव्हा ती भोसकलेली, अर्धवट जळालेली आणि काळ्या डागांनी भरलेली होती.

वहीत अनेकांची अक्षरं आहेत. लिपीही वेगवेगळ्या, कुठे ड्वार्फांची रूनलिपी, तर कुठे एल्फांची. मोठं, ठसठशीत एल्फ-अक्षर दिसताच गिमली ते ओळखतो. ओरीचा हात चांगला होता, वेगही होता आणि त्याला एल्फांची लिपी आवडायची, एवढीच माहिती तो देतो. ओरीचं चरित्र म्हणावं ते इतकंच! त्या सुंदर अक्षरात नोंद आहे ती बालिनच्या मृत्यूची. 10 नोव्हेंबरला तो एकटाच मिररमिअर तळ्यात डोकावायला गेला आणि दगडाआडून एका ऑर्कने त्याला बाण मारला.

शेवटच्या पानावर पूल गेला, दुसरं दालन गेलं, पश्चिमेच्या दाराशी पाण्यातल्या राक्षसाने ओइनला ओढून नेलं. अगदी शेवटची ओळ घाईत खरडलेली, फरफटत गेलेली आणि पुन्हा एल्फांच्या लिपीतच. ती ओरीची, असं कादंबरी थेट सांगत नाही, पण बहुतेक वाचक तसंच मानतात. मलाही तेच पटतं.

बखर आणि रोजनिशी यांत जो फरक असतो, तो इथे महत्त्वाचा आहे. बखर लिहिणाऱ्याला शेवट ठाऊक असतो. ही वही लिहिणाऱ्यांना तो माहीत नव्हता, म्हणून मिथ्रिल सापडल्याचा आनंदही तिच्यात तसाच शिल्लक आहे. शिवाय ती उपयोगीही पडते. आपण एकविसाव्या दालनात राहायला आलो, ही त्यातली साधी नोंद वाचून गँडाल्फला आपण नेमके कुठे आहोत आणि बाहेरची वाट कुठल्या बाजूला आहे, ते कळतं. (पुढच्याच क्षणी ऑर्क चालून येतात आणि वेगळ्याच दाराने पळावं लागतं, हा भाग निराळा.)

टोल्कीन यांनी जाळलेली पानं

या वहीची तीन पानं टोल्कीन यांनी खरोखर बनवली होती. कागद पाइपने जाळला, भोकं पाडली, रक्तासारखे डाग रंगवले. कादंबरीत ती रंगीत छापावीत अशी त्यांची इच्छा होती, पण 1954 साली ते खर्चिक ठरलं. अखेर पन्नास वर्षांनी, 2004 च्या आवृत्तीत ती कादंबरीसोबत आली. गंमत म्हणजे त्यांवरचा मजकूर रूनलिपीत आणि एल्फांच्या लिपीत असला, तरी भाषा इंग्रजीच आहे. हे आपल्याच जगाच्या नियमात बसत नाही, असं पुढे खुद्द टोल्कीन यांनाच वाटलं.

'हॉबिट'च्या सिनेमांनी (2012 ते 2014) ही जुनी ओळख उचलली. अ‍ॅडम ब्राउनने साकारलेला ओरी तिथे वही घेऊन फिरतो, चित्रं काढतो.

आणि मूळ वही? गँडाल्फ ती गिमलीकडे सोपवतो आणि एरेबोरला परतल्यावर राजा डाइनला द्यायला सांगतो. दोन महिन्यांनी, 17 मार्चला, डाइन एरेबोरच्या दारात लढताना पडला. गिमली तेव्हा शेकडो मैल दूर, गोंडोरमध्ये होता.