घर बेळगावात, अपघात साताऱ्यात : भरपाईच्या दाव्याची हद्द

बेळगाव कुठं संपतं आणि शहापूर कुठं सुरू होतं, हे आज नव्या माणसाला सांगूनही कळत नाही. पण १९४७ पर्यंत बेळगाव इंग्रजी मुलखात होतं आणि शहापूर सांगली संस्थानात. इंग्रजी मुलखातल्या कायद्याच्या दृष्टीनं संस्थानी कोर्ट हे परकीय कोर्ट. १८९४ साली प्रिव्ही कौन्सिलनं फरीदकोट संस्थानच्या खटल्यात सांगितलं की, संस्थान सोडून गेलेला माणूस हजर राहिला नाही आणि त्यानं त्या कोर्टाचा अधिकारही मानला नाही, तर त्याच्यावरचा एकतर्फी पैशाचा हुकूमनामा बाहेर निरर्थक. तो वाद मृत्यूचा नव्हता, पैशाचा होता. तरी हद्दीपलीकडच्या माणसाकडून पैसे वसूल करणं किती अवघड, हे त्यातून कळतं.

दुसऱ्याच्या हयगयीमुळं माणूस मेला तर त्याच्या घरच्यांना दिवाणी दावा करता यावा, यासाठी इंग्लंडमध्ये १८४६ साली कायदा झाला. त्याच धर्तीवर आपल्याकडं १८५५ चा प्राणघातक अपघात कायदा आला. त्याआधीची रीत विचित्रच होती. माणूस जखमी झाला तर त्याला भरपाई मागता येई, आणि मेला तर दावाही त्याच्याबरोबर जाई. नव्या कायद्यानं नवरा, बायको, आईवडील आणि मुलं यांना हक्क दिला. भाऊबहिणी मात्र त्यात नव्हत्या.

दावा लावायचा कुठं? १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेनं दोन जागा सांगितल्या. जिथं इजा घडली तिथं, नाहीतर प्रतिवादी राहतो किंवा धंदा करतो तिथं. मागं उरलेल्या विधवेचं घर या यादीत नव्हतं.

मोटारी वाढल्यावर १९५६ च्या दुरुस्तीनं मोटार अपघातांसाठी स्वतंत्र न्यायाधिकरणांची सोय झाली. त्याच वर्षी १ नोव्हेंबरला बेळगाव मुंबई राज्यातून म्हैसूर राज्यात गेलं. न्यायाधिकरणाचा नियम सरळ होता : अपघात ज्या हद्दीत, अर्ज तिथंच. आता बघा, बेळगावचा माणूस पुण्याला जाताना साताऱ्याजवळ ट्रकखाली सापडला, तर घरच्यांनी साताऱ्यात वकील धरायचा, तारखेला साताऱ्याला जायचं. निपाणी ओलांडून कागलच्या हद्दीत गेलं की राज्यच बदललं. गोव्याच्या रस्त्याचंही तेच. दुःख बेळगावात आणि तारीख परमुलखात. त्यात सुरुवातीला अर्जाची मुदत साठ दिवसांची होती. दिवसवार आटोपून कागदपत्रं गोळा करेपर्यंत ती सरायची. पुढं ती सहा महिन्यांची झाली.

भावांचा प्रश्न १९८७ साली सुटला. गुजरात राज्य मार्ग परिवहन महामंडळाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की, मोटार कायद्याखाली भाऊही कायदेशीर वारस म्हणून भरपाई मागू शकतो. आपल्याकडच्या घरांत भाऊ भावाच्या आधारानं जगतो, हे न्यायालयानं मान्य केलं.

जागेचा प्रश्न मात्र १९८८ च्या नव्या कायद्यानंही तसाच ठेवला. तो सुटला १९९४ च्या दुरुस्तीनं. १४ नोव्हेंबर १९९४ पासून अर्जदार जिथं राहतो किंवा व्यवसाय करतो, तिथल्या न्यायाधिकरणातही अर्ज करता येऊ लागला. अपघात साताऱ्यात झाला तरी बेळगावच्या विधवेला बेळगावात दाद मागता आली. त्याच दुरुस्तीनं मुदतीची अटही काढली. २०१९ च्या दुरुस्तीनं सहा महिन्यांची मुदत पुन्हा आणली आणि ती १ एप्रिल २०२२ पासून लागू झाली. ही तारीख मात्र घरोघरी माहीत असायला हवी.

सीमाभागाचा इतिहास आपण नकाशे, आयोग आणि आंदोलनं यांतून सांगतो, आणि ते बरोबरच आहे. पण हद्द म्हणजे काय, हे बाहेरगावच्या कोर्टाच्या पायरीवर पदर सावरून बसलेल्या बाईला जास्त कळलं असेल. कुणाच्या ट्रंकेत असे जुने दाव्याचे कागद असतील तर रद्दीत घालू नका. तो आपलाच इतिहास आहे.