तळटीप : साबणीकरण
साबणीकरण : तेल किंवा चरबी अल्कलीबरोबर तापवली असता तिच्यापासून ग्लिसरीन आणि मेदाम्लांचे क्षार, म्हणजेच साबण, तयार होण्याच्या क्रियेला ही संज्ञा आहे, पुढे तिचा अर्थ विस्तारला आणि कोणत्याही एस्टरचे अल्कलीने होणारे विघटन, मग त्यातून साबण निघो वा न निघो, याच नावाने ओळखले जाऊ लागले. रायबहादूर डी. लक्ष्मीनारायण यांच्या देणगीतून १९४२ मध्ये नागपुरात उभ्या राहिलेल्या लक्ष्मीनारायण इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजीसारख्या, तैल तंत्रज्ञान शिकवणाऱ्या संस्थेत या शब्दाचा खरा वापर ‘साबणीकरण मूल्य’ या जोडशब्दात होतो. १ ग्रॅम तेलाच्या पूर्ण साबणीकरणास लागणारे पोटॅशियम हायड्रॉक्साइडचे मिलिग्रॅममधील वजन म्हणजे हे मूल्य. त्यासाठी तेल अल्कोहोलातील पोटॅशसह उकळतात आणि शिल्लक पोटॅश हायड्रोक्लोरिक आम्लाने मोजताना फिनॉल्फ्थॅलीनचा गुलाबी रंग नेमका कोणत्या थेंबाला जातो, ते टिपतात. खोबरेलाचे मूल्य साधारण २५० ते २६० भरते, तर विदर्भात घरोघरी ओळखीच्या असलेल्या जवसाच्या तेलाचे १९० च्या आसपास, कारण खोबरेलातील मेदाम्लांच्या साखळ्या आखूड असल्याने त्याच्या एका ग्रॅममध्ये रेणू अधिक मावतात. मोठा आकडा म्हणजे उत्तम तेल, असा अर्थ घेणे म्हणूनच सर्वस्वी चूक आहे. खनिज तेलाचे साबणीकरण मुळी होतच नाही, त्यामुळे त्याची भेसळ केलेल्या खाद्यतेलाचे मूल्य अपेक्षेपेक्षा खाली येते.