सामुराई सूडनाट्याची कुळकथा

सामुराईंच्या सूडकथेत सूड एका धन्याचा, आणि फरपट मात्र भलत्यांचीच. जपानी नाटकात हा गुंता पक्का रुजवला तो १७४८ साली, ओसाकाच्या बाहुलीनाट्याने.

मूळ घटना त्या मानाने सरळ. १७०१ साली एदोच्या किल्ल्यात आकोचा सरदार आसानो याने किरा या दरबारी अधिकाऱ्यावर हत्यार उपसलं. किरा वाचला. आसानोला त्याच दिवशी सेप्पुकूची, स्वतःचं पोट चिरून मरण्याची शिक्षा झाली. १७०३च्या सुरुवातीला त्याचे निराधार सामुराई ओइशीच्या पुढारपणाखाली किराच्या वाड्यात घुसले आणि त्याचं शिर आणून सेंगाकुजी मंदिरात धन्याच्या समाधीपुढे ठेवलं. त्यांतल्या शेहेचाळीस जणांनाही सेप्पुकूच.

ताज्या सामुराई भानगडी रंगमंचावर आणायला शोगुनशाहीची मनाई होती. म्हणून ताकेदा इझुमो, मियोशी शोराकू आणि नामिकी सेनर्यू या तिघांनी ही कथा चौदाव्या शतकात ढकलली. आसानोचा झाला एन्या हांगान, ओइशीचा युरानोसुके. प्रेक्षकांना सगळं कळत होतंच! हे ‘कानादेहोन चुशिंगुरा’, अकरा अंकांचं. काबुकीवाल्यांनी त्याच वर्षी ते उचललं.

त्याचा जीव मात्र मुख्य सूडात नाही, कानपेईत आहे. धनी हत्यार उपसतो तेव्हा हा सेवक प्रेयसी ओकारूसोबत असतो. त्या चुकीपायी तो तिच्या माहेरी जाऊन शिकारी होतो. त्याला सूडाच्या कटात शिरता यावं म्हणून ओकारू स्वतःला कलावंतिणींच्या घरी विकून घेते. त्या पैशातले पन्नास र्‍यो घेऊन परतणाऱ्या तिच्या बापाला सादाकुरो वाटेत मारतो. हा सादाकुरोही त्याच धन्याच्या एका बेइमान सेवकाचा मुलगा. अंधारात रानडुकरावर झाडलेली कानपेईची गोळी नेमकी सादाकुरोलाच लागते. लुटलेल्या पैशांची थैली कानपेईच्या हाती पडते, आणि आपणच सासऱ्याला मारलं असं समजून तो पोटात सुरा खुपसतो. खरं कळतं ते त्यानंतर. मरता मरता तो कटाच्या यादीवर रक्ताचा ठसा उमटवतो. योगायोग जरा जास्तच, पण रंगमंचावर ते खपून जातं.

१८२५ साली त्सुरुया नानबोकूने याच धाग्यात ‘योत्सुया काइदान’ ही भुताची कथा ओवली. तिचा खलनायक इएमोन हाही एन्याचाच जुना सेवक. दोन्ही नाटकं एकमेकांत मिसळून दोन दिवस चालली.

‘चुशिंगुरा’ पाहायचंच तर पाचवा आणि सहावा अंक आधी पाहा. अकराव्यातली मारामारी चुकली तरी चालेल.