'युद्धाने तिला घडवलं' हे वाक्य लिहिण्याआधी

"अमुक कलाकाराला युद्धाने घडवलं" असं वाक्य रिसर्च प्रपोजलमध्ये आपण फार पटकन लिहितो. गाइडचा पुढचा प्रश्न ठरलेला असतो : कशावरून? हाच प्रश्न आज एका उदाहरणाला लावून बघू. लेबनॉनची दिग्दर्शिका आणि अभिनेत्री नदीन लबाकी, आणि तिचं शहर बैरूत.

लबाकीचा जन्म १९७४ चा. लेबनॉनमधलं यादवी युद्ध १९७५ ते १९९०. म्हणजे अख्खं बालपण युद्धात गेलं. पण त्याच वर्षांत तिथे हजारो मुलं वाढली, ती सगळी काही दिग्दर्शक झाली नाहीत. म्हणून नुसत्या तारखा जुळल्या की कारण सिद्ध झालं, असं होत नाही. चित्रपटांकडे जावं लागतं.

'कॅरामेल' (२००७) एका ब्यूटी पार्लरमधल्या बायकांची गोष्ट सांगतो. प्रमुख भूमिका तिचीच. त्यात बाँब नाहीत, बंदुका नाहीत. शूटिंग संपल्यावर काही दिवसांतच जुलै २००६ चं युद्ध पेटलं. इथे मोह होतो, पण थांबा : आधी चित्रित झालेला सिनेमा त्या युद्धाला दिलेलं उत्तर असू शकत नाही. यादवी मात्र संपून दीड दशक झालं होतं. तिला बाजूला ठेवून बैरूत दाखवणं ही निवड आहे, एवढं म्हणता येतं.

'व्हेअर डू वी गो नाऊ?' (२०११) मध्ये पुरावा जास्त पक्का आहे. मे २००८ मध्ये बैरूतच्या रस्त्यांवर पुन्हा गोळीबार झाला, तेव्हा ती गरोदर होती. मुलाने शस्त्र उचलू नये म्हणून आई काय करेल, या विचारातून कथा सुचल्याचं तिने मुलाखतींत सांगितलंय. चित्रपटातही गावातल्या ख्रिश्चन आणि मुस्लिम बायका मिळून पुरुषांची भांडणं थोपवतात.

'कॅपरनॉम' (२०१८, कान महोत्सवात ज्युरी पुरस्कार) मध्ये युद्ध शेजारच्या सीरियातलं आहे. नायक झालेला झैन अल रफीआ स्वतः सीरियन निर्वासित. लबाकी यात फक्त वकिलाच्या छोट्या भूमिकेत दिसते. आधीच्या दोन्ही चित्रपटांत मध्यभागी असलेली ती इथे कडेला सरकते.

याचं महत्त्व काय? लेबनॉनमध्ये १९९१ च्या कायद्याने युद्धातल्या बहुतेक गुन्ह्यांना माफी दिली आणि शाळांसाठी या युद्धाचा सर्वमान्य इतिहास लिहिलाच गेला नाही. अशा ठिकाणी सिनेमालाच इतिहास समजलं जातं. पण २०११ चा चित्रपट १९७५ मध्ये काय घडलं ते सांगत नाही. २०११ मध्ये लोकांना कशाची भीती होती, ते सांगतो.

तेव्हा 'घडवलं' लिहाल तेव्हा तीन गोष्टी जोडा : कोणतं युद्ध, कोणती कलाकृती, आणि दोघांमधला दाखवता येणारा दुवा. एखादा दुवा सापडला नाही, तर क्रियापद सौम्य करा.